मदत हवी आहे: सोलापूरच्या शॉर्ट फिल्मसाठी गिरणीच्या भोंग्याचा आवाज

मंडळी, सोलापूरवर आठ मिनिटांची शॉर्ट फिल्म करतोय. निवेदन नाही, मुलाखत नाही. नुसती दृश्यं अन् आवाज. पहाटेचा सिद्धेश्वर तलाव, भुईकोटाची सावली, बाराबंदी (बंद बांधायचा पांढरा अंगरखा) घातलेले सिद्धेश्वर यात्रेतल्या नंदीध्वजांचे मानकरी मिळालेत. अडलंय पूर्व भागात, म्हणजे यंत्रमागांच्या वस्तीत. यंत्रमागाचा खडखडाट मोबाईलवर पार फाटतोय! धोटा (आडवा धागा नेणारी शटल) इकडून तिकडे आपटतो तो ठोका वेगळा ऐकू यायला माईक कुठं लावावा? भिंतीच्या बाहेरून घेऊ का?

दुसरं म्हणजे, कुणाकडे जुन्या गिरणीच्या भोंग्याचं रेकॉर्डिंग आहे का? आजी अजून त्या भोंग्याच्या हिशेबानंच वेळ सांगते. नेटवरचा कुठलातरी सायरन लावला, तर खोटा आहे हे ती सगळ्यांत आधी ओळखेल. चादरीचं दुकान दाखवा म्हणू नका, ते सगळेच दाखवतात.