कॅमेरा सुरू होताच माणसे बदलतात. अशा वेळी काय करावे?

प्रश्न :
जिथे सगळे एकमेकांना पिढ्यान्‌पिढ्या ओळखतात अशा एका लहान वस्तीच्या दैनंदिन जीवनावर मी माहितीपट करीत आहे. सात महिने जाणे-येणे आहे, तरीही अडते. परवा एक आजी सदरा शिवता शिवता, मुलाने धरलेल्या अबोल्याविषयी शेजारणीला सांगत होत्या. मी कॅमेरा उचलताच त्यांनी दोरा दातांनी तोडला, सदरा बाजूला ठेवला आणि हवापाण्यावर बोलू लागल्या. ते बोलणे मला मिळावे कसे, आणि मिळाले तरी ते दाखवण्याचा अधिकार मला आहे का?

उत्तर १ :
सात महिने फार नाहीत. जपानमधील माहितीपटकार शिन्सुके ओगावा आणि त्यांचे सहकारी मागिनो गावात दशकाहून अधिक काळ राहिले, तिथे स्वतः भातशेती केली. आपण काही दिवस कॅमेरा न चालवता नुसता सोबत ठेवा. त्याची सवय होऊ द्या. आणि दुरून झूम करून टिपण्यापेक्षा जवळ बसून चित्रण करा, म्हणजे समोरच्याला आपण काय टिपत आहात हे कळत राहील.

उत्तर २ :
सवयीचा सल्ला योग्य आहे, पण मला तो अपुरा वाटतो. आजींनी दोरा तोडला तेव्हाच नकार दिला होता. सवयीने तो नकार विरघळण्याची वाट पाहणे मला पटत नाही. सुरुवातीला घेतलेली लेखी संमती इथे पुरत नाही. अशा वस्तीत चेहरा धूसर करूनही उपयोग होत नसतो, कारण आवाजावरून, दाराच्या चौकटीवरूनही माणूस ओळखला जातो. प्रेक्षक दोन तासांत उठून जातील, शेजारीण मात्र रोज समोर असेल. ज्याँ रूश आणि एदगार मोरँ यांनी १९६१च्या आपल्या माहितीपटात सहभागी माणसांना चित्रण दाखवले आणि त्यांचे आक्षेपही चित्रपटात ठेवले. आपणही कच्चे संकलन दाखवा, मात्र आधी आजींना एकटीला, मग घरच्यांना आणि शेवटी वस्तीला. चारचौघांत ‘हे काढा’ म्हणणे फार कठीण असते.

प्रश्नकर्ता :
दोघांचेही मनापासून आभार. काल कॅमेरा न नेता आजींकडे गेलो आणि सरळ विचारले. शिवणे हवे तितके घ्या, पण मुलाचे बोलणे नको, असे त्या म्हणाल्या. मी त्यांचे हात आणि सुई एवढेच चित्रित करणार आहे.