प्रभात: पडद्यामागची माणसं

किरणभाऊ, तुम्ही लिहिलंत की प्रभात फिल्म कंपनी म्हणजे दिग्दर्शक व्ही. शांताराम. त्यांचं मोठेपण आहेच, पण त्यांचे भागीदार दामले-फत्तेलाल यांना बाजूला ठेवून प्रभात समजत नाही. दोघंही कोल्हापुरात चित्रकार आणि चित्रपटकार बाबूराव पेंटरांच्या हाताखाली घडले. तिथे पडदे रंगवण्यापासून कॅमेरा तयार करण्यापर्यंत सगळं हातानं व्हायचं. १९२९ मध्ये कोल्हापुरात प्रभात उभी राहिली, १९३३ मध्ये पुण्याला गेली. ध्वनिमुद्रण दामल्यांकडे, नेपथ्य फत्तेलालांकडे. 'संत तुकाराम' चित्रपटातलं देहू याच माणसांनी स्टुडिओत उभारलं, आणि दिग्दर्शनही त्यांचंच! नट असो की सुतार, सगळे महिन्याच्या पगारावर. म्हणून एकाच चमूच्या हाताला वर्षानुवर्षं वळण लागत गेलं. मला हीच प्रभातची खरी ताकद वाटते. १९४२ मध्ये शांताराम बाहेर पडले, १९४५ मध्ये दामल्यांचं निधन झालं आणि १९५३ मध्ये कंपनी बंद झाली.

पडद्यामागच्या माणसांकडे आजही असंच दुर्लक्ष होतं. आमच्या नागपुरात 'झुंड' चित्रपटाचं शूटिंग झालं तेव्हा सगळीकडे चर्चा अमिताभची. लाइट ओढणाऱ्या पोरांबद्दल कोणी अवाक्षर काढलं नाही. इथल्या नाट्यसंस्थांतले जुने नेपथ्यकार, प्रकाशयोजनाकार अजून भेटतात. कोणीतरी त्यांच्या मुलाखती आत्ताच रेकॉर्ड करा. मी मदतीला तयार आहे.