लेकीचा चेहरा वेगळा. तिच्यासमोरच लोक विचारतात, काय सांगायचं?

राजारामपुरीची आई:
माझी लेक सात वर्षांची. कारा या सरकारी दत्तक यंत्रणेमार्फत मणिपूरहून आमच्या घरी आली तेव्हा नीट चालतही नव्हती. आम्ही दोघं सावळे, तिचे डोळे बारीक, रंग उजळ. बोलणं मात्र अस्सल कोल्हापुरी, मिसळीला कट जास्तच लागतो. तरी महाद्वार रोडला बांगडीवाला तिच्याशी हिंदीत बोलतो. परवा मंडईत एका मावशींनी विचारलं, "ही नेपाळी कुणाची हो?" मी "माझी" म्हणाले आणि पुढं निघाले. रात्री पोरगी म्हणाली, "आई, मी कुणासारखी दिसते?" दत्तक आहे हे तिला आम्ही पहिल्यापासून सांगितलंय. पण याला उत्तर काय देऊ? सासूबाई म्हणतात, विषयच काढू नको. मला ते पटत नाही.

कागलकर काकू:
लोकांना "माझी लेक" एवढं बास. ती कुठली, कशी आली, ते कुणाला सांगायचं हे तिलाच ठरवू दे. आणि शाहू महाराजसुद्धा 1884 मध्ये आमच्या कागलच्या घाटग्यांकडून दत्तक गेले होते. आपल्या गावात दत्तकाला कमीपणा नाही.

राजारामपुरीची आई:
काकू, खरंय. पण महाराजांना "तू कुठला?" असं बाजारात कुणी विचारलं नसेल. तिचा प्रश्न दत्तकाचा नाही, चेहऱ्याचा आहे.

स्वीडनवासी:
माझी इथली मैत्रीण तान्ही असताना भारतातून दत्तक आली. आईबाप गोरे, जीव लावणारे. "आम्हाला तुझा रंग दिसतच नाही," म्हणायचे. शाळेत रंगावरून चिडवलं तरी ती घरी बोलायची नाही. त्यांना जे दिसतच नाही, ते सांगायचं कसं? कोरियन युद्धानंतर अमेरिकेत दत्तक गेलेल्यांपैकी अनेकांनी मोठेपणी हेच सांगितलंय. तेव्हा ताई, गप्प बसू नका. तिला आरशासमोर घेऊन बसा, डोळ्यांचं कौतुक करा, मणिपूरचं नाव घरात मोकळेपणानं येऊ द्या. तिच्यासारख्या चेहऱ्याची मोठी माणसं तिला दिसली पाहिजेत.

दत्तकबाबा:
चाइल्ड स्टडी रिपोर्ट, म्हणजे दत्तक देताना मुलाची माहिती लिहिलेला अहवाल, आणि दत्तक आदेश जपून ठेवा. 18 पूर्ण झाल्यावर मूळ शोधण्यासाठी तिला स्वतः अर्ज करता येतो. त्या वेळी तिच्यासोबत उभं राहायची तयारी आतापासून ठेवा.

राजारामपुरीची आई:
कागदं आजच एका फाईलला लावली. पोरीला फुटबॉलचं वेड, शाहू स्टेडियमवर तालमींच्या संघांची मॅच असली की बापाच्या आधी तयार. आज तिला बेंबेम देवींचे फोटो दाखवले. मणिपूरच्या, भारताच्या कॅप्टन होत्या, पद्मश्री मिळाली. बराच वेळ बघत बसली, मग म्हणाली, "डोळे माझ्यासारखे हैत की!" सासूबाईंनाही हाक मारून दाखवलं.