मदत हवी आहे: कथेतलं 'प्रतिध्वनी जतन' पटेल असं कसं करू?

विज्ञानकथा लिहितेय. नायिका जुन्या वास्तूंचे प्रतिध्वनी साठवते आणि वास्तू पडल्यावरही ते ऐकवते. यातला अर्धा भाग खराच आहे. फुगा फोडून किंवा खालून वर चढणारा सूर वाजवून दालनाचा ध्वनिप्रतिसाद नोंदवतात. मग कोणताही आवाज त्याच दालनात काढल्यासारखा ऐकता येतो. पॅरिसच्या नोत्र-दाम या जुन्या चर्चमध्ये २०१३ साली अशी मोजमापं झाली होती, म्हणून २०१९च्या आगीनंतरही तिथला घुमारा हाताशी राहिला. मला हे फार मोठं काम वाटतं.

अडलंय ते पुढे. नायिकेला नुसती जागा नको, तिथे पूर्वी बोललेला माणूस हवाय. म्हणून मी कल्पना केली की ओल्या गिलाव्यात आवाजाची कंपनं उमटतात आणि वाळल्यावर तशीच राहतात. १८६०मध्ये काजळी धरलेल्या कागदावर उमटवलेल्या आवाजाच्या रेघा २००८मध्ये संगणकाच्या मदतीने ऐकता आल्या, त्यामुळे रेघेतून आवाज परत मिळतो हे वाचकाला पटेल. पण तिथे कंप पावणारा पडदा होता, त्याला जोडलेला बारीक केस होता, आणि मुख्य म्हणजे कागद सरकत होता. गिलावा सरकत नाही! मग एका शब्दावर दुसरा चढणार. गिलावा वाळताना ओल हळूहळू आत हटते, तीच कागदाचं काम करेल का? पण बोलण्याच्या वेगापुढे ती फारच मंद.

ध्वनिशास्त्र जाणणाऱ्यांनी कृपया सुचवा: भौतिकशास्त्राचा एकच नियम मोडायची मुभा असेल, तर कोणता मोडू?