पीएस ५ घेतला, तरी पीएस ४ चे काही गेम सेकंदाला ३० फ्रेमवरच का अडकतात?

गोदाकाठ (धागाकर्ता)

नमस्कार. २०१६ पासून माझ्याकडे साधा पीएस ४ (सोनीचा प्लेस्टेशन ४ हा गेम कन्सोल) होता. गेल्या महिन्यात तो पुतण्याला दिला आणि डिस्क ड्राइव्ह असलेला पीएस ५ घेतला. नवे गेम खेळणे हा त्यामागचा मुख्य हेतू नव्हता. इतक्या वर्षांत एकेक करून जमवलेले जुने गेम अधिक सुरळीत खेळता यावेत, एवढ्यासाठीच हा खर्च केला. 'पीएस ५ वर सगळे जुने गेम ६० फ्रेमवर पळतात' (म्हणजे पडद्यावर सेकंदाला ६० चित्रे येतात) असे एका मित्राने खात्रीने सांगितले होते आणि मीही तेच धरून चाललो होतो.

प्रत्यक्षातला अनुभव मात्र गेमगणिक वेगळा आहे. 'सेकिरो' पूर्वी सतत अडखळायचा. आता तो इतका सलग चालतो की समोरच्याचा वार परतवण्याचा नेमका क्षण हाताला आपोआप सापडतो. याउलट 'ब्लडबोर्न' होता तसाच आहे. कॅमेरा सावकाश वळवला की गल्लीतल्या लोखंडी कुंपणाच्या सळया एकसारख्या न सरकता झटके देत सरकतात. 'द लास्ट ऑफ अस पार्ट २', 'द विचर ३' आणि 'द लास्ट गार्डियन' हे तिन्हीही मला जुन्या कन्सोलवर चालायचे तसेच वाटतात. 'एल्डन रिंग'ची पीएस ४ ची डिस्क अजून लावून पाहिलेली नाही.

टीव्ही फोरके असून ६० हर्ट्‌झचा आहे. डिस्कशिवायचे गेम जुन्या यूएसबी हार्ड डिस्कवर आहेत आणि ती मागच्या पोर्टला जोडली आहे. कन्सोलमधले एखादे सेटिंग माझ्याकडून राहून गेले आहे का? की हा त्या-त्या गेमचाच स्वभाव आहे? व्हीआरआर (गेमच्या फ्रेमप्रमाणे चित्र बदलण्याचा वेग जुळवून घेण्याची सोय) असलेला नवा टीव्ही घेतल्यास फरक पडेल, असेही कोणी सुचवले आहे. एवढा खर्च करण्यापूर्वी जाणकारांचे मत हवे आहे.

रात्रपाळी

आपल्या कन्सोलमध्ये काहीही बिघाड नाही आणि मुख्य सेटिंगही राहिलेले नाही. फ्रेमची कमाल मर्यादा कन्सोल ठरवत नाही, ती गेममध्ये लिहिलेली असते. ही एक गोष्ट लक्षात घेतली की आपल्या यादीतल्या प्रत्येक गेमचे वागणे उलगडते.

पीएस ४ चा प्रोसेसर १.६ गिगाहर्ट्‌झवर चालणारा आणि त्या काळीही बेताचाच होता, तर ग्राफिक्सची ताकद १.८४ टेराफ्लॉप्स होती. पीएस ५ मध्ये प्रोसेसर ३.५ गिगाहर्ट्‌झपर्यंत जातो आणि ग्राफिक्सची ताकद १०.२८ टेराफ्लॉप्स आहे. जुना गेम सुरू झाला की पीएस ५ त्याला ओळखीचे वातावरण उभे करून देतो आणि गेममध्ये पीएस ४ प्रो या अधिक ताकदीच्या मॉडेलसाठीची सोय असेल तर तीच वापरतो. त्यामुळे साध्या पीएस ४ वरून येणाऱ्या आपल्यासारख्याला अनेक गेमचे चित्रही अधिक रेखीव दिसते. ज्या गेममध्ये प्रोची सोय कधी आलीच नाही, तो मात्र मूळच्याच रिझोल्यूशनवर राहतो.

आता फ्रेमकडे वळू. 'सेकिरो'मध्ये ३० ची मर्यादा घातलेलीच नव्हती. जुन्या यंत्राला झेपेल तेवढ्या फ्रेम तो काढत असे, म्हणून अडखळत असे. नव्या यंत्राला ६० सहज झेपतात, म्हणून तो ६० वर जाऊन स्थिरावला. 'इन्फेमस सेकंड सन'चेही असेच आहे, फक्त त्याच्या मेनूत ३० ची मर्यादा चालू-बंद करण्याचा पर्याय आहे, तो बंद ठेवावा लागतो.

दुसऱ्या गटातल्या गेममध्ये मर्यादा होती, पण निर्मात्यांनी पीएस ५ साठी वेगळे अपडेट देऊन ती उठवली. 'गॉड ऑफ वॉर'ला असे अपडेट फेब्रुवारी २०२१ मध्ये मिळाले, 'होरायझन झीरो डॉन'ला त्याच वर्षी ऑगस्टमध्ये. 'द लास्ट ऑफ अस पार्ट २'ला मे २०२१ मध्ये मिळाले, पण तिथे ३० की ६० ही निवड गेमच्या डिस्प्ले मेनूत आपल्याला करावी लागते. आपण ते अपडेट घेतले असेल आणि मेनू उघडून पाहिला नसेल, अशी शक्यता मला सर्वाधिक वाटते.

'ब्लडबोर्न' तिसऱ्या गटातला आहे. २०१५ च्या या गेमला प्रोसाठीही अपडेट मिळाले नाही आणि पीएस ५ साठीही नाही. आपण ज्या झटक्यांचे वर्णन केले आहे, त्यांचे कारण तर मर्यादेच्याही पलीकडचे आहे. ६० हर्ट्‌झचा टीव्ही दर १६.७ मिलिसेकंदांनी चित्र बदलतो. ३० फ्रेमच्या गेममध्ये प्रत्येक फ्रेम अशा दोन फेऱ्या, म्हणजे ३३.३ मिलिसेकंद, पडद्यावर राहायला हवी. 'ब्लडबोर्न'मध्ये एखादी फ्रेम एकच फेरी टिकते आणि लगेच नंतरची तीन फेऱ्या, म्हणजे ५० मिलिसेकंद, थांबते. सरासरी ३० च भरते, पण डोळ्यांना ती विषमता जाणवते. फ्रेम पुढे सोडण्याची ही लय गेममध्येच चुकलेली असल्यामुळे यंत्राची ताकद कितीही वाढवली तरी ती सुधारत नाही. मेल्यानंतर पुन्हा उभे राहण्यासाठी जो वेळ जात असे, तो मात्र पीएस ५ वर बराच कमी होतो, आणि या गेममध्ये माणूस किती वेळा मरतो हे पाहता ती सोय लहान नाही.

कन्सोलनेच सरसकट मर्यादा का काढू नये, हा प्रश्न स्वाभाविक आहे. अनेक गेममध्ये हालचाली, उड्या, वस्तूंचे आपटणे हे सारे फ्रेमच्या गणतीला बांधलेले असते. फ्रेम दुप्पट झाल्या की तो हिशेबच बिघडतो. मायक्रोसॉफ्टने फेब्रुवारी २०२१ मध्ये एक्सबॉक्स सिरीज एक्स आणि एससाठी एफपीएस बूस्ट आणले, त्यात निर्मात्यांच्या कोडला हात न लावता यंत्रणेच्या पातळीवरच फ्रेम वाढवल्या जातात. पण तेही निवडक गेमपुरतेच आहे. सुरुवातीच्या यादीत 'फार क्राय ४' आणि 'वॉच डॉग्ज २' धरून पाचच गेम होते. पीएस ५ मध्ये तशी सोय नाही, ही उणीव मला स्वतःला फार जाणवते.

राहिला हार्ड डिस्कचा मुद्दा. पीएस ४ चे गेम यूएसबी डिस्कवरून चालतात, पण ते आतल्या एसएसडीवर (वेगवान साठवणीवर) हलवले तर लोडिंग पुष्कळ घटते. फ्रेमची मर्यादा त्याने बदलत नाही. जागा कमी पडत असेल तर सध्या खेळत असलेले दोन-तीन गेम आत ठेवावेत आणि बाकीचे बाहेर.

कोकणकडा

वरील प्रतिसाद उत्तम आहे. 'द विचर ३'बद्दल थोडी भर घालतो. डिसेंबर २०२२ मध्ये या गेमची पीएस ५ आवृत्ती आली आणि पीएस ४ ची आवृत्ती ज्यांच्याकडे आहे त्यांना ती विनामूल्य मिळते. डिस्क आत घालून स्टोअरमधल्या गेमच्या पानावरून ती उतरवून घ्यावी लागते आणि पुढेही खेळताना डिस्क आत असावी लागते. त्यात परफॉर्मन्स मोड निवडला की ६० फ्रेम मिळतात. दोन्ही आवृत्त्या एकाच वेळी बसवलेल्या असतील, तर चुकून जुनीच सुरू होऊ शकते. गेमच्या पानावर तीन टिंबांचे बटण असते, त्यातून कोणती आवृत्ती चालवायची ते एकदा पाहून घ्यावे. माझ्या धाकट्या बहिणीने एक संपूर्ण गेम पीएस ५ वर पीएस ४ च्या आवृत्तीतच संपवला आणि ते शेवटी लक्षात आले, म्हणून हे मुद्दाम सांगतो.

आणखी एक. जुन्या गेमचे रंग फिके वाटत असतील तर व्हिडिओ आउटपुटमध्ये एचडीआरसाठी (उजेड-अंधाराचा पल्ला वाढवणाऱ्या चित्रासाठी) 'ऑन व्हेन सपोर्टेड' हा पर्याय निवडावा. कायम चालू ठेवल्यास ज्या गेममध्ये एचडीआर नाही त्यांचेही चित्र रूपांतरित होऊन येते, आणि ते प्रत्येक टीव्हीवर चांगले दिसेलच असे नाही.

एकंदरीत, पीएस ५ ची आवृत्ती उपलब्ध असेल तिथे तीच घ्यावी, असे मी म्हणेन.

सांजसकाळ

कोकणकडा यांच्या शेवटच्या वाक्याशी मी सहमत नाही, आणि धागाकर्त्यांनी 'एल्डन रिंग'चा उल्लेख केल्यामुळे हे स्पष्ट लिहिणे मला आवश्यक वाटते. या गेमची पीएस ५ आवृत्ती दिसायला अधिक सुंदर आहे, दूरचे गवत आणि सावल्या दाट आहेत, परंतु मोकळ्या माळावर घोडा दौडवताना तिच्या फ्रेम ६० वरून खाली घसरत राहतात. पीएस ४ चीच आवृत्ती पीएस ५ वर चालवली, तर तो गेम प्रोसाठीचे हलके चित्र काढतो आणि जवळपास सर्वत्र ६० वर टिकून राहतो. बारीक तपशील थोडा कमी होतो, पण ज्या गेममध्ये कोलांटी मारण्याचा क्षण चुकला तर सारे संपते, तिथे मी स्थिरताच निवडतो. आपल्याकडे डिस्क आहेच. आधी पीएस ४ ची आवृत्ती खेळून पाहावी. तिच्यातला सेव्ह (साठवलेली खेळाची प्रगती) पुढे पीएस ५ आवृत्तीत नेता येतो, पण तिकडून परत आणता येत नाही, म्हणून हाच क्रम सोयीचा आहे.

टीव्हीविषयी: केवळ या जुन्या गेमसाठी व्हीआरआरचा टीव्ही कृपया घेऊ नये. पीएस ५ ला व्हीआरआर एप्रिल २०२२ मध्ये मिळाले आणि त्यात 'सपोर्ट नसलेल्या गेमनाही लावा' असा पर्यायही आहे, पण तो पीएस ५ च्या गेमपुरता आहे. पीएस ४ च्या गेमना व्हीआरआर लागू होत नाही. शिवाय त्याचा पल्ला ४८ ते १२० हर्ट्‌झ असा आहे, त्यामुळे ३० फ्रेमचा गेम तसाही त्याच्या आवाक्याबाहेर राहतो. आहे त्याच टीव्हीवर गेम मोड चालू आहे ना, एवढे मात्र पाहावे. बटण दाबणे आणि पडद्यावर हालचाल दिसणे यांतला विलंब त्याने कमी होतो, आणि ३० फ्रेमच्या गेममध्ये हा फरक विशेष जाणवतो.

जुनीडिस्क

'द लास्ट गार्डियन'बद्दल कोणी लिहिले नाही, म्हणून लिहितो, कारण हा गेम माझ्या फार जवळचा आहे. आपल्याकडे त्याची डिस्क असेल तर ती जपून ठेवा. २०१६ साली डिस्कवर जो गेम छापला गेला, त्यात फ्रेमला ३० ची मर्यादा नव्हती. ती नंतरच्या अपडेटने घातली गेली. त्या वेळी ते योग्यही होते, कारण पीएस ४ ला हा गेम धड ३० वरही झेपत नव्हता. पीएस ५ वर मात्र अपडेट न घेतलेली डिस्क ६० फ्रेमवर चालते. 'असॅसिन्स क्रीड युनिटी'च्या बाबतीतही हेच घडते, फक्त तिथे अपडेट टाळले की दुरुस्त झालेले दोषही परत येतात आणि २०१४ सालच्या त्या गेममध्ये ते थोडे नव्हते. स्टोअरवरून घेतलेल्या गेमला हा मार्ग उपलब्ध नाही, तिथे नेहमी शेवटची आवृत्तीच उतरते.

कृती अशी करावी. प्रथम सेव्हची प्रत काढून ठेवावी. पीएस ४ च्या गेमचे सेव्ह पीएस ५ वरून यूएसबी पेनड्राइव्हवर घेता येतात. पीएस ५ च्या गेमना ती मुभा नाही, त्यांच्यासाठी पीएस प्लस या सशुल्क सदस्यत्वातली क्लाउड साठवणच लागते. मग गेम पूर्णपणे काढून टाकावा, इंटरनेट तोडावे आणि त्यानंतरच डिस्क आत घालावी. इंटरनेट चालू राहिले तर गेम बसत असतानाच अपडेट मागोमाग उतरू लागते. बसवून झाल्यावर चिन्हावर ऑप्शन्सचे बटण दाबून माहिती उघडावी, तिथे आवृत्ती १.०० दिसली पाहिजे. आपोआप अपडेट बसवण्याचे सेटिंगही बंद करावे. अपडेटनंतर केलेला सेव्ह जुन्या आवृत्तीत उघडेल असे गृहीत धरू नये. नवा खेळ सुरू करण्याची तयारी ठेवावी.

गोदाकाठ (धागाकर्ता)

सर्वांचे मनापासून आभार. शनिवार-रविवारी एकेक करून सगळे करून पाहिले.

'द लास्ट ऑफ अस पार्ट २'मध्ये रात्रपाळी यांचा अंदाज तंतोतंत खरा ठरला. डिस्प्ले मेनूत ३० च निवडलेले होते. 'एल्डन रिंग'ची पीएस ४ आवृत्ती सुरू केली आहे आणि सांजसकाळ म्हणतात तशी ती अगदी स्थिर चालते. तपशिलातली उणीव मला तरी खुपली नाही. 'द विचर ३' अजून उतरतो आहे. टीव्हीचा विचार सोडून दिला.

'द लास्ट गार्डियन' मात्र पहिल्या प्रयत्नात फसला, कारण वाय-फाय बंद केले तरी मागची लॅनची तार तशीच जोडलेली राहिली होती आणि अपडेट उतरले. दुसऱ्यांदा तार काढून बसवला, १.०० दिसले. जुना सेव्ह उघडला नाही, म्हणून पहिल्या गुहेपासून आरंभ केला. गेममधला तो पिसांचा महाकाय प्राणी उजेडात आला, मान हलवून त्याने अंग झटकले, आणि मानेपासून शेपटीपर्यंत पिसांची लाट एकसंध सरकत गेली. पीएस ४ वर याच जागी चित्र तुटत असे. मी तेवढा भाग तीनदा पाहिला.

हा मार्ग वापरणाऱ्यांसाठी एक नोंद: इंटरनेट बंद असताना मिळालेल्या ट्रॉफी (गेममधल्या कामगिरीची बक्षीस-चिन्हे) कन्सोलवर साठून राहतात आणि पुन्हा जोडणी केल्यावर खात्यात जमा होतात. मी गेम पूर्ण बंद करून मगच तार जोडतो, ट्रॉफी जमा झाल्या की अपडेटची रांग तपासतो आणि तार पुन्हा काढून ठेवतो.