नावात 'आई' असलेली पुस्तकं: तुमचे अनुभव लिहा

परवा वाचनालयात माझ्या पुढच्या आजोबांनी काउंटरवर सांगितलं, "आई द्या." आतल्या ताईंनी विचारलं, "कुणाची?" आणि अख्खी रांग हसली. आजोबांना रशियन लेखक गॉर्कीची हवी होती, हातात पडली श्यामची. तर नावात 'आई' असलेलं तुम्ही काय वाचलंय, कधी, कुठे, लिहा. रडलात की नाही तेही.

जेल रोडहून
'श्यामची आई' तिसरीत बक्षीस मिळालेलं, प्रस्तावना कोण वाचतं तेव्हा? आता मुलाला वाचून दाखवायला घेतलं तेव्हा कळलं की साने गुरुजींनी ते आपल्या नाशिकच्या तुरुंगात लिहिलंय, 1933 च्या फेब्रुवारीत, 9 ते 13, म्हणजे पाच दिवसांत! मला सोसायटीच्या मीटिंगचं इतिवृत्त लिहायला दोन आठवडे लागतात. प्रकरणांना 'रात्र' म्हटलंय म्हणून आम्ही पण रोज एकच रात्र वाचतो. अंघोळ झाल्यावर तळव्यांना माती लागू नये म्हणून श्याम आईला ओचे पसरायला लावतो ना, ते वाचत होतो तर आमचे चिरंजीव गुपचूप स्वतःचे तळवे बघतायत, दिवसभर खाली अनवाणी खेळून काळेकुट्ट. रात्री साडेदहाला बाथरूममध्ये पाय घासत बसलो दोघं.

पंचवटी
मला नाही आवडत. शाळेत बाईंनी वाचलं, सगळा वर्ग रडला, मी नाही रडले तर घरी चिठ्ठी.

सातपूर
पप्पा एमआयडीसीत, युनियनवाले, त्यामुळे कामगारांच्या लढ्यावरची गॉर्कीची 'आई' आमच्याकडे पहिल्यापासून. कव्हर गायब आणि मधल्या पानांवर हळदीची बोटं, कारण पप्पांपेक्षा मम्मीनेच ती जास्त वाचलीय, भाजी परतता परतता. त्यातली आई, निलोव्हना, त्या वयात अक्षरं गिरवते, खाणं विकायच्या निमित्ताने कारखान्यात पत्रकं पोचवते. मम्मी म्हणते, "संपात मी पण गेटवर डबे नेले होते, मला नाही कुणी पुस्तकात घातलं."

गंगापूर रोड
बंगाली लेखिका महाश्वेतादेवींची 'हजार चुराशीर मा' (म्हणजे 1084 ची आई), हिंदीतून वाचली, धुळ्याच्या एसटीत. नाव बघून वाटलं काहीतरी मायेचं असेल. 1084 हा मुलाच्या प्रेताचा नंबर आहे. चांदवडच्या पुढे वाचवलं नाही, घरी येऊन पूर्ण केली.

पुन्हा मीच
आजोबा आज भेटले. 'श्यामची आई' नातीने पळवलीय. गॉर्कीची मागायला गेले तर ती दुसऱ्याच कुणीतरी नेलेली. सातपूरकर, तुमच्या मम्मी देतील का हो?