मदत हवी आहे: लौकिक हीच शक्ती असलेल्या नगरीचा एक नियम अडलाय

नमस्कार मंडळी. मी ठाण्याची, सध्या एक अद्भुत कादंबरी लिहितेय. खाडीकाठच्या काल्पनिक नगरीत लौकिक ही खरीखुरी शक्ती आहे. लोक ज्याला सच्चा मानतात त्याच्या हातचा दिवा वादळातही विझत नाही. अब्रू गेलेल्याची सावलीच पडत नाही.

बीज महाभारताच्या वनपर्वातलं. पृथ्वीवर कीर्तीचा विसर पडला म्हणून इंद्रद्युम्न राजा स्वर्गातून खाली येतो. मार्कंडेय ओळखत नाहीत, घुबड नाही, बगळाही नाही. शेवटी अकूपार कासव ओळखतं, डोळ्यांत पाणी आणून राजाचे उपकार सांगतं आणि त्याला स्वर्ग परत मिळतो. एका साक्षीदाराची आठवण पुरते, हे मला विलक्षण वाटतं.

अडलंय ते अफवेपाशी. माझ्या कथेतल्या निर्दोष सुईणीवर सगळं गाव खोटा आळ घेतं. तिची शक्ती गेली, तर जग खोट्याच्या ताब्यात जातं. टिकली, तर ती लौकिकाची शक्ती उरतच नाही, सद्गुणाची होते. मला दोन्ही नकोय. सत्य जाणणारा एकच माणूस तिला तारू शकेल का? आणि तो मेला तर?

शिलाहारांच्या काळातले गधेगाळ पाहिलेत. दान मोडणाऱ्याला दगडावर कोरलेला शाप. ठाणे-रायगडकडच्या आगरी-कोळी घरांत आळ, शपथ, साक्ष यांबद्दल काही समजुती ऐकल्या असतील तर कृपया सांगा. पुस्तकं सुचवलीत तर ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात शोधेन.